पट्टा, चाक आणि ठोकळा

माइनक्राफ्ट या खेळाची 1.14 ही आवृत्ती एप्रिल 2019 मध्ये आली आणि तिच्यात दगड कापण्याचे यंत्र नव्या रूपात आले. ते करायला दगडाचे तीन ठोकळे आणि लोखंडाची एक लगड पुरते. खाली बुटकी दगडी बैठक, वर मधोमध गोल करवतीचे अर्धे पाते, आणि ते पाते अखंड फिरत असते. त्याला पट्टा नाही, मोटर नाही, वाफेचे इंजिन नाही. त्याच्यावर उभे राहिले तरी खेळाडूला ओरखडाही येत नाही. त्याचा हिशोबही उलटा आहे. साध्या कामाच्या टेबलावर दगडाचे सहा ठोकळे घातले तर जिन्याचे चार ठोकळे हाती येतात; या यंत्रावर सहाचे सहा येतात. खऱ्या वखारीत करवत प्रत्येक कापाला आपल्या जाडीइतके लाकूड खाते आणि त्याचा भुसा होतो, इथे मात्र यंत्र आले की नासाडी थांबते. यंत्रशास्त्राच्या दृष्टीने हे सारे चूक आहे. तरीही पहिल्यांदाच ते पाहणाऱ्या मुलाला हे कापायचे यंत्र आहे असे कोणी सांगावे लागत नाही. इतके चुकूनही जे चटकन कळते ते कशामुळे कळते, हा प्रश्न या पुस्तकाच्या मुळाशी आहे.

या प्रांतात नव्याने पाऊल टाकणाऱ्यांसाठी थोडी ओळख करून द्यायला हवी. ठोकळे रचण्याच्या खेळांत सगळे जगच सारख्या मापाच्या घनांचे असते. खेळाडू ते खणतो, साठवतो आणि हवे तसे रचतो. माइनक्राफ्ट 2009 मध्ये लोकांसमोर आला, 2011 मध्ये त्याची पूर्ण आवृत्ती निघाली आणि 2023 पर्यंत त्याच्या 30 कोटींहून अधिक प्रती विकल्या गेल्या. त्याचे भाऊबंदही बरेच आहेत: फुकट मिळणारा आणि ज्याचा कोड कोणालाही पाहता-बदलता येतो असा मिनेटेस्ट, ज्याचे नाव 2024 मध्ये लुआंटी झाले, बाजूने दिसणाऱ्या सपाट जगाचा टेरारिया, हातकामाला वाहिलेला व्हिंटेज स्टोरी, अंतराळातला स्पेस इंजिनियर्स. माइनक्राफ्टची सुरुवात होते ती झाड तोडून फळ्या करण्यापासून, आणि पहिली महत्त्वाची वस्तू बनते ती कामाचे टेबल. म्हणजे वर्कशॉप हा या खेळात मागाहून शिरलेला विषय नाही. त्याच्यापासूनच खेळ सुरू होतो. वर्कशॉप शैली म्हणतात ती मात्र त्याच्या पुढची गोष्ट आहे. सुतार, लोहार, फिटर किंवा टर्नर यांच्या कामाची जागा, तिच्यातली यंत्रे, छताखालचे शाफ्ट, ओतीव लोखंडाचे जड सांगाडे, पितळी झाकणे हे सगळे ठोकळ्यांत उभे करायचे. गंमत अशी की इथे आधुनिक कारखानाही बांधता येतो, कोणी अडवलेले नाही, पण बांधणाऱ्यांची पावले पुन्हा पुन्हा साधारण 1850 ते 1950 या शंभर वर्षांकडेच वळतात.

याचे झटकन सुचणारे उत्तर म्हणजे गतकाळाची ओढ. ते मला पटत नाही. हे बांधकाम करणाऱ्यांत बरेच जण 2000 नंतर जन्मलेले आहेत. त्यांनी चामड्याच्या पट्ट्यावर चालणारा लेथ पाहिलेला नाही, त्याचा वासही घेतलेला नाही. जे पाहिलेच नाही त्याची आठवण कशी येणार? माझे म्हणणे असे की जुन्या यंत्रात शक्ती कुठून येते, कोणत्या वाटेने जाते आणि कुठे पोचून काम करते, हे उघड्या डोळ्यांनी वाचता येते. ठोकळ्यांच्या खेळातही तेवढेच पटण्यासारखे बांधता येते, जेवढे दुरून डोळ्यांना वाचता येते. यंत्राचा हा गुण आणि खेळाची ही मर्यादा एकमेकांना नेमक्या जुळल्या, म्हणून ही शैली रुजली.

यासाठी यंत्रांचा इतिहास थोडा पाहावा लागेल. ब्रिटिश आरमाराला शिडांच्या दोरखंडांसाठी दरवर्षी लाखाहून अधिक लाकडी कप्प्या लागत. त्या पोर्ट्समथच्या गोदीत यंत्रांवर बनवण्याची योजना सॅम्युएल बेंथॅम यांच्या पुढाकाराने, मार्क ब्रुनेल यांच्या आराखड्यांवरून आणि हेन्री मॉडस्ली यांच्या हातच्या यंत्रांनी 1803 ते 1808 या काळात पुरी झाली. एकूण 45 यंत्रे, वर्षाला सुमारे 1,30,000 कप्प्या, आणि 110 कारागिरांचे काम दहा माणसांकडून. त्यांतली काही यंत्रे आजही लंडनच्या सायन्स म्युझियममध्ये आहेत. तिथून पुढे शंभर वर्षे वर्कशॉपचा नकाशा एकच राहिला. एका टोकाला पाणचक्की किंवा वाफेचे इंजिन, छताखालून या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत गेलेला लांब शाफ्ट, त्याच्यावर ठरावीक अंतराने पुल्या, आणि प्रत्येक पुलीवरून खालच्या यंत्राकडे उतरणारा सपाट चामडी पट्टा. यंत्र थांबवायचे तर पट्टा दांडीने शेजारच्या मोकळ्या पुलीवर सरकवायचा. वेग बदलायचा तर पायऱ्यापायऱ्यांच्या पुलीवर तो एका पायरीवरून दुसरीवर घ्यायचा. काय चालले आहे हे दारात उभ्या असलेल्या परक्या माणसालाही दिसे. मराठी वाचकाला हे फार परके वाटू नये. पिठाच्या गिरणीत मोटरपासून जात्यापर्यंत धावणारा पट्टा अनेकांनी पाहिलेला आहे, आणि 1910 मध्ये किर्लोस्करवाडी वसली तो काळही पट्ट्या-पुल्यांचाच होता.

मग वीज आली आणि ही वाट हळूहळू झाकली गेली. विजेच्या ड्रिलचे पेटंट 1889 मध्ये मेलबर्नला अर्नॉट आणि ब्रेन यांनी घेतले. 1895 मध्ये श्टुटगार्टच्या फाइन कंपनीने हातात धरण्याचा ड्रिल केला, पण तो एकट्याने पेलणे अवघडच होते. आजही ड्रिल म्हटले की जो आकार डोळ्यांसमोर येतो, म्हणजे पिस्तुलासारखी मूठ आणि तिच्यात बोटाने दाबायचा खटका, त्याचे पेटंट ब्लॅक अँड डेकरला 1917 मध्ये मिळाले. 1920 च्या दशकात एडमंड मिशेल यांनी हातात धरायची गोल करवत आणली. तिची कल्पना लुइझियानातली ऊसतोड पाहून सुचली असे सांगतात. कोयत्यालाच मोटर बसवण्याचा प्रयोग त्यांनी आधी करून पाहिला होता. त्याच दशकात रेमंड डिवॉल्ट यांची आडव्या हातावर सरकणारी करवत निघाली, 1930 च्या दशकाअखेर डेल्टाची युनिसॉ नावाची टेबल-करवत, आणि 1947 मध्ये एकाच सांगाड्यात पाच यंत्रे सामावणारे शॉपस्मिथ. जुनी अवजारे जमवणारे ज्याच्यावर जीव टाकतात तो हा काळ: घासून चकचकीत केलेले ॲल्युमिनियमचे अंग, बेकेलाइटची बटणे, सुती विणीची वायर, हातोडीने ठोकल्यासारखा दिसणारा करडा रंग. आपल्याकडे मुलुंडला बनणारे रॅलीवुल्फचे जड ड्रिल याच घराण्यातले. पुढे विजेच्या धक्क्यापासून बचाव म्हणून दुहेरी आवरण आणि प्लॅस्टिकचे अंग आले. ते आले हे चांगलेच झाले, पण आता यंत्राकडे पाहून आत काय चालले आहे याचा काडीचाही अंदाज येत नाही.

आता खेळाच्या मापाकडे येऊ. माइनक्राफ्टचा एक ठोकळा एक मीटरचा मानला जातो आणि खेळाडूची उंची 1.8 मीटर. या मापात ब्लॅक अँड डेकरचा ड्रिल ठोकळ्यांनी बांधणे शक्यच नाही. तो अख्खा एका ठोकळ्याच्या कोपऱ्यात मावेल. बांधता येतात ती जमिनीवर पाय रोवून उभी राहणारी यंत्रे: पट्टी-करवत, लेथ, उभा ड्रिल, वाफेवरचा घण, आणि त्या सगळ्यांना जोडणारा शाफ्ट. हातातली अवजारे खेळात येतात ती चित्र म्हणून, तेही 16 गुणिले 16 ठिपक्यांचे. एवढ्या ठिपक्यांत काय ओळखू येते हे पाहिले तर पहिल्या प्रश्नाचे अर्धे उत्तर मिळते. पिस्तुलाची मूठ ओळखू येते, करवतीचे दाते ओळखू येतात, हातोड्याचे डोके ओळखू येते. आजचा बॅटरीवरचा ड्रिलही ओळखू येतो, पण ती 1917 सालच्या आकाराची पुण्याई आहे. शेजारी शेजारी ठेवलेले आजचे सँडर आणि राउटर मात्र दोन रंगीत डागांसारखे दिसतात. मार्च 2023 मध्ये आलेल्या 1.19.4 या आवृत्तीपासून आज्ञा लिहून ठोकळा हवा तसा लहान करता येतो, तिरका करता येतो. त्यामुळे ही अट आता सैल झाली आहे. पण शैली घडली ती अट कडक असताना, आणि तिच्या सवयी अजून टिकून आहेत.

या शैलीतली घराणी ढोबळमानाने चार आहेत, आणि ती एकमेकांना फारशी मानत नाहीत. पहिले सजावटकारांचे. ते खेळात आहे त्याच सामानातून यंत्राचा भास उभा करतात. धार लावायच्या दगडाचा ठोकळा आडवा लावला की पुली होते, ऐरण म्हणजे यंत्राचा पाया, वीजरोधक सळई म्हणजे ड्रिलचा दांडा, झडपांच्या फळ्या म्हणजे लोखंडी पत्रे, काळ्या गालिच्याची पट्टी म्हणजे आडवा पट्टा. 2021 मध्ये तांबे आले तेव्हा या मंडळींना पर्वणीच मिळाली, कारण ते काळानुसार हिरवे पडते आणि मेण लावले की हवे त्या रंगावर थांबते. लोखंड मात्र या जगात कधीच गंजत नाही, हेही जाता जाता नोंदवावे. दुसरे घराणे रेडस्टोनवाल्यांचे; रेडस्टोन म्हणजे खेळातली विजेसारखी संकेत वाहणारी भुकटी. ते खरोखर चालणाऱ्या जोडण्या करतात. पण त्या बहुधा भिंतीच्या पोटात दडवाव्या लागतात. तिथे दिसते ते चालत नाही आणि चालते ते दिसत नाही. कौशल्य अफाट असले तरी वर्कशॉप शैलीला त्यांनी फारसे काही दिले असे मला वाटत नाही.

तिसरे घराणे खेळाला जोडायच्या यांत्रिक पुरवण्यांचे, म्हणजे मॉडचे. इथे थोडे थांबायला हवे, कारण खरा वाद याच घरात आहे. 2011 च्या आसपास गाजलेल्या इंडस्ट्रियलक्राफ्टमध्ये यंत्र म्हणजे एक पेटी: वीज आत, कच्चा माल आत, पक्का माल बाहेर. पेटीच्या तोंडावरचे चित्र सोडले तर दळणारी पेटी आणि वितळवणारी पेटी यांत फरक नाही. बिल्डक्राफ्टमध्ये निदान इंजिनाचा दट्ट्या हलताना आणि नळीतून वस्तू जाताना दिसे. त्याच काळातल्या बेटर दॅन वुल्व्ह्जने वेगळी वाट धरली. पवनचक्की, लाकडी आस, गियरबॉक्स आणि करवत अशी साखळी खेळाडूला स्वतः जोडावी लागे. पण त्या वाटेला भरघोस अनुयायी मिळाले ते 2019 मध्ये क्रिएट आल्यावर. क्रिएटमध्ये पाणचाक, शाफ्ट, दातेरी चाके, पट्टे, दाबयंत्र, करवत सगळे जागेवर फिरताना दिसते. मोठे दातेरी चाक लहानाला जोडले की वेग दुप्पट होतो. वेग वाढवला की यंत्राचा भारही त्याच प्रमाणात वाढतो, आणि भार शक्तीपेक्षा जास्त झाला की त्या शाफ्टवरची सगळी यंत्रे एकदम थांबतात. ओंडका हाताने फोडला तर फळ्या चार, क्रिएटच्या करवतीवर आधी साल निघते आणि मग सहा. म्हणजे खऱ्या जगात पट्ट्याकडून झाकलेल्या मोटरकडे प्रवास झाला, आणि खेळात मुख्य प्रवाह झाकलेल्या पेटीकडून पट्ट्याकडे आला. काम तर पेटीनेही होत होते, बहुतेकदा अधिक वेगाने होत होते. तरी लोकांनी जागा खाणारा, जोडायला किचकट आणि भार चढला की बंद पडणारा शाफ्ट पसंत केला. माझ्या मुद्द्याला याहून सबळ पुरावा मला माहीत नाही.

चौथे घराणे बारीक कामाचे. व्हिंटेज स्टोरीत तापलेली लगड ऐरणीवर ठेवली की ती छोट्या छोट्या कणांची दिसते, आणि हातोड्याच्या प्रत्येक घावाने एकेक कण सरकवून कुऱ्हाडीचा किंवा करवतीचा आकार साधावा लागतो. पुढे पवनचक्कीवर चालणारा घण यातले काही कंटाळवाणे काम अंगावर घेतो. आणि आधी हात दुखेपर्यंत ठोकलेले असल्याने यंत्राची किंमत खेळाडूला नीट कळते. माइनक्राफ्टच्या चिझल्स अँड बिट्स या मॉडमध्ये एका ठोकळ्याचे 4096 कण होतात आणि पटाशीने ते एकेक काढता येतात. लुआंटीच्या मोअर ब्लॉक्समध्ये चक्क गोल करवतीचे टेबल आहे. ते ठोकळ्याचा आठवा भाग हे एकक धरून हिशोब ठेवते आणि उरलेला तुकडा वाया जाऊ देत नाही. काटकसरी सुताराला हे टेबल सर्वांत आवडेल.

आता आक्षेप. पहिला असा की ही सगळी स्टीमपंक या वाफेच्या युगाच्या कल्पनारम्य शैलीची नक्कल आहे: चष्मे, पितळ आणि जिथे तिथे चिकटवलेली दातेरी चाके. पुष्कळ बांधकामांबाबत हा आक्षेप खरा आहे आणि पुस्तकात तशी उदाहरणे झाकलेली नाहीत. पण दोन्हींतला फरक ओळखायला सोपी कसोटी आहे. एखादे चाक फिरले तर पुढे काय फिरेल, असे विचारायचे. स्टीमपंकच्या चाकाला त्याचे उत्तर देता येत नाही. चांगल्या वर्कशॉपमधले प्रत्येक चाक ते देते, मग ते प्रत्यक्ष फिरत नसले तरी.

दुसरा आक्षेप अधिक जड आहे. खेळातली यंत्रे खोटे शिकवतात. क्रिएटचा शाफ्ट कितीही लांब नेला तरी घर्षणात काही गमावत नाही. खऱ्या शाफ्टवर शक्तीचा मोठा वाटा वाटेतच जाई, आणि कारखान्यांनी तो सोडण्याच्या कारणांपैकी ते एक होते. खऱ्या पट्ट्यावर भार चढला की तो आधी घसरतो आणि त्याच्या घसरण्याने यंत्र वाचते; खेळात अशी मधली अवस्थाच नाही, एकतर सगळे चालते नाहीतर सगळे ठप्प. तेलपाणी नाही, पट्टा सांधणे नाही, भुसा झाडणे नाही. थर्मल एक्सपान्शनसारख्या एखाद्या मॉडमध्ये करवतीतून भुसा पडतो एवढाच अपवाद. हे सारे मान्य. पण म्हणून खेळ निरुपयोगी ठरत नाही. यंत्रांची साखळी, वेग आणि भार यांचे नाते, एका चाकाच्या दिशेवरून शेजारच्याची दिशा ओळखणे, हे तो बरोबर शिकवतो. द्रव्याचे गुणधर्म तो शिकवत नाही. शाळेतल्या आकृतीलाही घर्षण नसते. फरक इतकाच, की ही आकृती मूल स्वतः काढते आणि चुकली तर ती चालत नाही.

तिसऱ्या आक्षेपाला माझ्याकडे पुरते उत्तर नाही. पट्ट्यांचे वर्कशॉप हे बोटे, हात आणि कधी जीवही घेणारे ठिकाण होते. सैल बाही किंवा सुटे केस उघड्या पट्ट्यात सापडले की माणूस शाफ्टकडे ओढला जाई. कारखान्यांच्या कायद्यांनी पुढे जाळ्या आणि झाकणे सक्तीची केली ती उगाच नाही. ज्या झाकणामुळे यंत्र वाचता येईनासे झाले, त्याच झाकणामुळे कामगार वाचला. खेळातल्या सुंदर वर्कशॉपमध्ये हे कुठेच दिसत नाही. दगड कापण्याच्या त्या पात्यावर खुशाल उभे राहणारी पात्रे पाहिली की हा दोष ठळक होतो. या पुस्तकाने त्यावर एवढेच केले आहे की प्रत्येक जुन्या यंत्राच्या वर्णनात ते कुठे चावत असे हेही लिहिले आहे. माझ्या मते ती पाने गाळून वाचू नयेत.

हे पुस्तक आत्ताच का, याचेही कारण आहे. ओतीव लोखंडाची जुनी यंत्रे भंगारात वजनावर विकली जातात, आणि पट्टा कानाने ऐकून त्याचा ताण सांगणारे मिस्त्री कमी होत चालले आहेत. त्याच वेळी जगभर असंख्य मुले तीच यंत्रे ठोकळ्यांत उभारत आहेत, बहुतेकदा दुसऱ्याच्या बांधकामाचे चित्र पाहून, आणि तेही आणखी कोणाचे पाहून. नकलेची नक्कल होत गेली की आधी पट्टा नाहीसा होतो, मग शाफ्ट, आणि शेवटी भिंतीवर नुसती चाके उरतात. खेळातही पेटीने पुन्हा डोके वर काढले आहेच: जून 2024 च्या 1.21 या आवृत्तीत वस्तू आपोआप बनवणारा एक ठोकळा आला, अतिशय सोयीचा आणि बाहेरून जवळजवळ मुका. म्हणून या पुस्तकात मूळ यंत्र आणि त्याचे ठोकळ्यांतले रूप समोरासमोर ठेवले आहे. आधी यंत्राचा शक्तिमार्ग रेघेने दाखवायचा, मग त्या रेघेतले किती ठोकळ्यांत टिकले ते पाहायचे, आणि जे गळले ते साधनांच्या मर्यादेने गळले की बांधणाऱ्याच्या अज्ञानाने, हे सांगायचे, अशी इथली पद्धत आहे. बांधकामाचे नकाशे यात नाहीत. कोणता ठोकळा कुठे ठेवावा हे शोधणाऱ्याची निराशा होईल. सगळ्या मॉडची यादीही नाही, ती वर्षभरात शिळी झाली असती.

वाचकाला दोन व्यावहारिक सूचना. खेळ विकत घ्यायची ऐपत किंवा इच्छा नसेल तर लुआंटी मोफत मिळतो, जुन्या संगणकावरही चालतो, आणि गोल करवतीचे टेबल त्यात जोडून घेता येते. पुस्तकातले बरेचसे त्याच्यावर पडताळून पाहता येईल. आणि हे वाचून कोणी माळ्यावरचा धातूच्या अंगाचा जुना ड्रिल खाली काढलाच, तर प्लग लावण्यापूर्वी त्याची वायर आणि अर्थिंग जाणत्या इलेक्ट्रिशियनकडून तपासून घ्यावी.